श्रेय आणि उत्तरदायित्व : थेआ फॉन हार्बू यांची कारकीर्द

जर्मन चित्रपटाच्या इतिहासलेखनात थेआ फॉन हार्बू (१८८८–१९५४) यांचा उल्लेख बहुधा दिग्दर्शक फ्रित्स लांग यांची पत्नी म्हणून येतो. ‘मेट्रोपोलिस’ (१९२७) या चित्रपटाची चर्चा पाहावी. महानगराच्या भव्य दृश्यरचनेचे श्रेय लांग यांना दिले जाते. मालक आणि कामगार यांच्यातील भाबड्या समेटाचा दोष मात्र पटकथाकार हार्बू यांच्या माथी मारला जातो. या वाटणीमागे दिग्दर्शक हाच चित्रपटाचा खरा कर्ता, असे गृहीतक आहे.

वस्तुतः लांग यांच्याशी विवाह होण्यापूर्वीच (१९२२) हार्बू लोकप्रिय कादंबरीकार होत्या. ‘दास इंडिशे ग्राबमाल’ (१९१८) ही त्यांची कादंबरी भारत न पाहता लिहिलेली आहे. प्रतारणा करणाऱ्या स्त्रीसाठी, ती जिवंत असतानाच, समाधी उभारण्याकरिता एक भारतीय राजा युरोपीय वास्तुशिल्पीला पाचारण करतो. ताजमहालामागील प्रेमकथेचे हे सूडकथेत झालेले रूपांतर होय. या कादंबरीवर १९२१, १९३८ आणि १९५९ मध्ये चित्रपट निघाले. त्यांपैकी शेवटचा खुद्द लांग यांचा.

१९३३ मध्ये घटस्फोट झाला आणि लांग यांनी जर्मनी सोडली. हार्बू तेथेच राहिल्या. १९३४ मध्ये त्यांनी ‘एलिझाबेथ उंड डेअर नार’ आणि गेरहार्ट हाउप्टमान यांच्या नाटकावरील ‘हानेलेस हिमेलफार्ट’ हे दोन चित्रपट दिग्दर्शित केले. पुढे मात्र त्या पटकथालेखनाकडेच वळल्या.

तौलनिक अभ्यासाच्या दृष्टीने ‘डेअर हेरशर’ (१९३७) अधिक महत्त्वाचा ठरतो. त्याची पटकथा हार्बू यांनी कुर्ट ब्राउन यांच्यासह लिहिली. मूळ आधार हाउप्टमान यांचे १९३२ चे नाटक. नाटकातील वृद्ध नायक कुटुंबाच्या कारस्थानाने खचून विष घेतो; चित्रपटातील उद्योगपती कुटुंबाला दूर सारून आपला कारखाना राष्ट्राला अर्पण करतो. व्यक्तीच्या शोकांतिकेची जागा येथे नेतृत्वपूजा घेते. हा बदल पटकथेच्या पातळीवरचा आहे, आणि हार्बू नाझी पक्षाच्या सदस्यही होत्या.

याच दशकात बर्लिनमध्ये बेळगाव परिसरातून आलेले पत्रकार अयी तेंडुलकर हे त्यांचे सहचर होते. वंशश्रेष्ठत्वाचा पुरस्कार करणाऱ्या राजवटीत एका भारतीयाशी जोडलेले हे नाते त्यांच्या जीवनातील विसंगती अधोरेखित करते. परंतु ते ‘डेअर हेरशर’च्या उत्तरदायित्वातून त्यांना मुक्त करीत नाही.

स्त्री-लेखकांचे विस्मृत कर्तृत्व पुनःस्थापित करताना आपण बहुधा निष्कलंक पूर्वसुरी शोधू पाहतो. हार्बू त्या चौकटीत बसत नाहीत. ‘मेट्रोपोलिस’चे कर्तृत्व त्यांना द्यायचे, तर ‘डेअर हेरशर’चेही द्यावे लागेल. एकाचे श्रेय आणि दुसऱ्याचे उत्तरदायित्व एकाच लेखणीकडे जाते.