चौकशी टिकली पाहिजे: रांची १९७३ ते गोवा २०२३

विद्यापीठातल्या लैंगिक छळाच्या तक्रारीचा विषय निघाला की दोन गट लगेच तयार होतात. एक म्हणतो, मुलीने सांगितलं ना, मग चौकशी कसली करताय? दुसरा म्हणतो, बिचाऱ्या सरांचं करिअर संपवलं. चौकशी करायची कशी, हा प्रश्न दोघांनाही कंटाळवाणा वाटतो. आपल्या न्यायालयांनी मात्र त्यावर पन्नास वर्षं डोकं खपवलंय, आणि त्यातलं एक मोठं प्रकरण शेजारच्या गोव्यातलं आहे. म्हणून जरा लांबलचक लिहितेय.

सुरुवात रांचीच्या राजेंद्र मेडिकल कॉलेजपासून. जून १९७२ मध्ये रात्री उशिरा काही विद्यार्थी नग्नावस्थेत मुलींच्या हॉस्टेलच्या आवारात घुसले. ३६ मुलींनी प्राचार्यांकडे लेखी तक्रार दिली. तीन प्राध्यापकांच्या समितीने मुलींचे जबाब मुलांच्या गैरहजेरीत घेतले. आरोपी मुलांचे फोटो इतर फोटोंत मिसळून ओळख पटवली. नंतर मुलांना बोलावून आरोप सांगितला, म्हणणं ऐकलं. मुलींची नावं सांगितली नाहीत, जबाब दाखवले नाहीत. मुलांना दोन शैक्षणिक वर्षांसाठी काढून टाकलं. ती मुलं सुप्रीम कोर्टात गेली: आमच्या पाठीमागे साक्षी घेतल्या, उलटतपासणी करू दिली नाही. १९७३ मध्ये कोर्टाने त्यांचं अपील फेटाळलं. नैसर्गिक न्याय म्हणजे सगळीकडे एकच साचा नव्हे. या मुलींना समोर उभं केलं असतं तर उद्या रस्त्यात त्यांना त्रास झाला असता आणि पुन्हा कुठली मुलगी तोंड उघडायला धजली नसती, असा निकालाचा रोख होता.

१९७३ साली हे लिहिलं गेलं, याचं मला अजून अप्रूप वाटतं. पण याच निकालाची पळवाटही होते. साचा नाही म्हणजे काहीही चालतं, असा अर्थ सोयीने काढता येतो.

पुढे भंवरीदेवीवरच्या अत्याचारानंतर १९९७ चा विशाखा निकाल आला. तक्रार समिती, अध्यक्ष बाई, निम्म्याहून कमी नाहीत इतक्या बायका, बाहेरच्या संस्थेची व्यक्ती, हे सगळं तिथून आलं. अडचण अशी झाली की समिती चौकशी करायची आणि नंतर संस्था पुन्हा पहिल्यापासून खातेनिहाय चौकशी लावायची. बाईने तेच सगळं परत सांगायचं. पुण्याच्या ‘आलोचना’च्या मेधा कोतवाल-लेले यांनी सुप्रीम कोर्टाला पत्र लिहिलं, त्याची याचिका झाली. २६ एप्रिल २००४ च्या आदेशाने समितीचा अहवाल हाच चौकशी अहवाल मानायचं ठरलं. फार मोठं काम होतं ते. पण त्या दिवसापासून समितीच्या कागदावर माणसाची नोकरी जाऊ शकते, हेही ठरलं. समितीवर कोण? रसायनशास्त्राच्या मॅडम, लायब्ररीयन, ऑफिस सुपरिंटेंडेंट. त्यांना प्रशिक्षण कुणी दिलं? बहुतेक ठिकाणी कुणीच नाही.

आता गोवा विद्यापीठ. २००९ मध्ये राज्यशास्त्राच्या विभागप्रमुखांविरुद्ध विद्यार्थिनींनी तक्रारी केल्या. समितीच्या एकूण अठरा बैठका झाल्या, त्यातल्या बहुतेक मे महिन्यात एकामागून एक. प्राध्यापकांनी तब्येतीचं कारण देऊन मुदत मागितली. ती पुरेशी न देता समितीने एकतर्फी कामकाज उरकलं, ५ जूनला अहवाल दिला. जानेवारी २०१० मध्ये ते बडतर्फ झाले. उच्च न्यायालयाने २०१२ मध्ये कारवाई कायम ठेवली: भरपूर संधी दिली होती, ते आलेच नाहीत. सुप्रीम कोर्टाने १२ मे २०२३ ला ती रद्द केली. नियमात समितीने विहित पद्धत ‘शक्य तितकी’ पाळावी असे शब्द आहेत. कोर्टाने म्हटलं की या शब्दांच्या आडून घाई करता येत नाही. प्रकरण परत समितीकडे, मे २००९ मध्ये जिथे होतं तिथून पुढे.

लक्षात घ्या, आरोप खोटे आहेत असं कोर्ट म्हणालं नाही. फक्त पद्धत चुकली म्हणाले. आणि त्याची किंमत कुणी मोजली? एम.ए.च्या वयातल्या त्या मुली २०२३ मध्ये पस्तिशीच्या आसपास असतील. नोकरी, संसार, मुलंबाळं. त्यांना आता पुन्हा जबाबाला बोलवायचं? प्राध्यापकाच्या बाजूने ओरडणाऱ्यांना हा निकाल गोड वाटला. माझा राग आहे तो मुलींच्या बाजूने. समितीने आठ-पंधरा दिवस जास्त दिले असते, तर चौदा वर्षं वाचली असती.

‘मग काय मुलीची उलटतपासणी करायची?’ असं लगेच विचारलं जातं. हो, पण वकिली थाटाची नाही. प्रश्न लेखी द्यायचे, समितीने ते तिला विचारायचे, उत्तरं नोंदवायची. समोरासमोर बसवण्याची गरज नाही. २०१३ च्या कायद्याखालच्या नियमांत वकिलाला बंदी आहे. आरोपी लागोपाठ तीन तारखांना कारण न देता आला नाही तर एकतर्फी निर्णय घेता येतो, मात्र त्याआधी पंधरा दिवसांची लेखी नोटीस हवी. चौकशीला नव्वद दिवस आहेत. म्हणजे सवड आहे, फक्त ती वापरायला हवी.

मी काही वर्षं एका कॉलेजच्या समितीवर बाहेरची सदस्य होते. तिथे पहिल्याच प्रकरणात आरोपी शिक्षकाला तक्रारीची प्रत द्यायची की नाही यावर दीड तास वाद झाला. एक सदस्य म्हणाले, ‘प्रत दिली तर तो तयारी करून येईल ना!’ अहो, तयारी करून यावं म्हणूनच प्रत द्यायची असते. शेवटी दिली. त्याने लेखी उत्तरात स्वतःच तीन मेसेज कबूल केले आणि आमचं अर्धं काम झालं.

यूजीसीच्या २०१५ च्या नियमावलीत आणखी दोन गोष्टी आहेत. कुलगुरू, कुलसचिव, अधिष्ठाता, विभागप्रमुख यांना समितीवर घेता येत नाही. आणि प्रकरण विद्यार्थ्यांशी संबंधित असेल तर पदवी, पदव्युत्तर आणि संशोधन अशा तिन्ही स्तरांवरचे विद्यार्थी समितीवर हवेत, तेही निवडून आलेले. महाराष्ट्रात कॉलेजच्या थेट निवडणुका नव्वदच्या दशकापासून बंद आहेत. त्यामुळे हे विद्यार्थी सदस्य बहुतेक ठिकाणी प्राचार्यच ‘निवडतात’. तुमच्या कॉलेजात कोण आहेत, त्यांना कुणी निवडलं, एकदा ऑफिसात जाऊन विचारा.