साबणाच्या जाहिरातीतली लीला चिटणीस

जुनी जाहिरात हाती लागली की आपण काय करतो? फोटो काढतो, ‘तत्कालीन समाजाचं चित्र’ म्हणून प्रबंधात डकवतो आणि पुढे जातो. एवढ्यावर का थांबायचं नाही, ते एका उदाहरणातून बघू.

१९४१ साली लीला चिटणीस लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकल्या. लक्ससाठी निवडलेली ही पहिली भारतीय चित्रतारका. पण त्याआधी, १९३७च्या ‘जंटलमन डाकू’च्या वेळी, त्यांची प्रसिद्धी कशावर झाली होती? महाराष्ट्रातली पडद्यावरची पहिली पदवीधर ‘सोसायटी लेडी’ म्हणून! म्हणजे आधी पदवी विकली, मग कांती. नवऱ्यापासून वेगळं झाल्यावर मुलांसाठी कमावणारी आई मात्र कुठल्याच जाहिरातीत बसत नव्हती. पुढे १९४८च्या ‘शहीद’मध्ये त्याच दिलीपकुमारची आई झाल्या. मधे वर्षं गेली फक्त सात.

माणूसपण हिरावणं म्हणतात ते हेच. जाहिरात खोटंच बोलते असं नाही; ती माणसाचा खपणारा तेवढा तुकडा उचलते आणि बाकीचा माणूस बाजूला ठेवते.

म्हणून जाहिरातीशेजारी दुसरं साधन ठेवा. जुलै १९३९मध्ये शांता आपटे पुण्यात प्रभातच्या फाटकावर उपोषणाला बसल्या आणि १९४०मध्ये त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहिलं. इथे तारका काम करणारी व्यक्ती म्हणून बोलते. लीलाबाईंचं ‘चंदेरी दुनियेत’ही वाचा, पण ते १९८१चं आहे हे विसरू नका. चाळीस वर्षांनी आठवलेलं, तेव्हा तेही तपासूनच घ्यायचं.

सराव करायचाय? त्यासाठी अभिलेखागारच गाठायला हवं असं नाही. विरारच्या मनवेलपाड्यात राहत असाल, तर घरापासून स्टेशनपर्यंतच्या रस्त्यावर एखादी जाहिरात निवडा. तारीख आणि जागा टिपा. मग चार प्रश्न विचारा: पैसे कोणी दिले? चेहऱ्याचा कोणता गुण वापरलाय? काय गाळलंय? आणि बघणाऱ्याला, म्हणजे पहाटेची लोकल पकडणाऱ्या तुम्हाला, ती गिऱ्हाईक सोडून आणखी काही समजते का?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर लिहिताना घाई करू नका. संशोधनाचा विषय बरेचदा तिथेच सापडतो.