खुंटी आणि भिंत

सुर्जी-अंजनगांव हें नांव मराठी वाचकांस शाळेच्या पुस्तकापासून ठाऊक असतें, तें एका तहामुळें. 1803 च्या नोव्हेंबरांत अडगांवची लढाई झाली. 15 डिसेंबर रोजीं गाविलगडाच्या तटाला खिंडार पाडून इंग्रज आंत शिरले. आणि 30 डिसेंबरला दौलतराव शिंद्यांच्या वकिलांनीं आर्थर वेलस्लीशीं या गांवीं तह केला. दुआबाचा मुलूख, भडोच आणि अहमदनगरचा किल्ला त्या एका कागदानें शिंद्यांच्या हातून गेला. गाविलगडाची भिंत कोणत्या दिवशीं पडली हें इतिहासानें लिहून ठेविलें. पण शहानूर नदीकांठच्या या गांवांतील साध्या घरांच्या भिंती कशा उभ्या होत्या व त्यांवर माणसें काय टांगीत, हें लिहिण्याची कोणास फारशी गरज वाटली नाहीं. आज तीं मातीचीं घरें एकेक करून नाहींशीं होत आहेत. म्हणून या लहानशा विषयाचा थोडा विचार करण्याचें येथें योजिलें आहे.

वऱ्हाडांत जमिनीचे दोन भेद लहान मूलहि सांगेल: पिकाची ती काळी, वस्तीची ती पांढरी. काळी माती पावसांत फुगते व उन्हाळ्यांत भेगाळते. तिची भिंत घातली तर ती धड टिकावयाची नाहीं. म्हणून भिंतीला पांढरी मातीच लागे. तींत काडीकचरा कालवून, ती पायांनीं तुडवून, थरावर थर देत जाड भिंत चढवीत. तरीहि जाणत्या सुताराचा या भिंतीवर पुरता भरंवसा नसे. धाब्याचें ओझें तो लांकडी खांबांवर आणि तुळयांवर ठेवी. पावसाळ्यांत एखादी भिंत खचली तरी डोक्यावरचें छप्पर उभें राहावें, अशी ती योजना. भिंतीचें काम आडोशाचें, खांबाचें काम आधाराचें.

टांगण्याच्या बाबतींतहि हाच विवेक दिसून येतो. अंगरखा, पागोटें, कंदील अशा हलक्या वस्तू खुंटीला. दुधादह्याचें शिंकें, मुलाचा पाळणा आणि माजघरांतला झोपाळा हीं तुळईच्या कडीला. दिवा कोनाड्यांत आणि भांडीं फडताळांत. म्हणजे जें भिंतीवर लटकवावयाचें तें भिंतीच्या पोटांतच ठेवावयाचें. खुंटी बसवावयाची ती भिंत ओली असतांना: आंत लांब, बाहेर आखूड, टोंक किंचित् वर. माती वाळली कीं भिंतच तिला आवळून धरी.

ही खुंटी फार जुनी आहे. संस्कृतांत तिला नागदंत म्हणतात, म्हणजे हत्तीचा दांत. वात्स्यायनानें नागरकाच्या शयनगृहाचें वर्णन करतांना वीणा नागदंताला टांगली आहे. पंचतंत्रांतील संन्यासी भिक्षापात्र नागदंताला अडकवून निजतो आणि हिरण्यक उंदीर त्यावरहि उडी मारतो. शनिमाहात्म्य ज्या घरीं वाचलें जातें, तेथें तर भिंतीवरील चित्रांतल्या हंसानें खुंटीवरचा हार गिळल्याची कथा सर्वांस पाठ असते. खुंटीवर ठेवलेली वस्तु सुरक्षित, हा माणसाचा विश्वास किती गाढ आहे, तें यावरून कळतें; विक्रमराजावर चोरीचा आळ आला तो त्या विश्वासामुळेंच.

विटांच्या पक्क्या भिंती आल्या आणि खुंटी मागाहून बसविण्याची पाळी आली. कारागीर छिन्नीनें भोंक पाडी, त्यांत लांकडाची गिट्टी ठोकी व तींत स्क्रू पिळी. भोंक मोठें होई आणि गिलावा उडे. 1911 च्या सुमारास लंडनमध्यें ब्रिटिश म्युझियमच्या भिंतींवर विजेचें सामान बसवावयाचें होतें, आणि भिंतींची नासधूस होतां कामा नये अशी अट होती. जॉन जोसेफ रॉलिंग्ज या ठेकेदारानें तागाचे धागे सरसासारख्या पदार्थानें चिकटवून एक लहानशी नळी केली. जगाचा बहुतेक ताग त्या काळीं बंगालमध्यें पिके. स्क्रू आंत शिरला कीं नळी फुगते, भोंकाच्या कडांना रेटते, आणि त्या दाबाच्या घर्षणावर सारें ओझें राहतें. पुढें 1958 मध्यें जर्मनींतील आर्टुर फिशर यांनीं नायलॉनची गिट्टी काढली. आज वायरमनच्या पिशवींत दिसणारी रंगीत गिट्टी तिच्याच कुळांतली.

परंतु या गिट्टीला एक गोष्ट अवश्य लागते: रेटण्यास भरीव भिंत. 1894 मध्यें अमेरिकेंत ऑगस्टिन सॅकेट यांनीं कागद व प्लॅस्टर यांच्या थरांच्या पाटीचें पेटंट घेतलें. तिचीच वंशज असलेली जिप्समची पाटी आतां आपल्याकडेहि कचेऱ्यांत, दुकानांत आणि नव्या बिऱ्हाडांत आली आहे. ती बहुधा 12.5 मिलिमीटर जाड असते आणि तिच्यामागें पोकळी. तेथें साधी गिट्टी फुगते खरी, पण मऊ जिप्समचा चुरा करून बाहेर येते. यासाठीं पोकळ भिंतीचे निराळे बोल्ट असतात: भोंकांतून मिटून जातात, पलीकडे पंख उघडतात, आणि भार पाटीच्या पाठीवर पसरतात. तरीहि फळीचें गणित ध्यानांत ठेवावें लागतें. 30 सेंटीमीटर रुंद फळीवर मध्यभागीं 20 किलो ओझें असेल आणि तिचा कंस 15 सेंटीमीटर उंच असेल, तर वरच्या स्क्रूंवर बाहेर ओढणारा जोर साधारण 20 किलोंचा पडतो. तोच कंस 30 सेंटीमीटर उंच घेतला तर जोर निम्म्यावर येतो. म्हणून फार जड वस्तु पाटीला न देतां, पाटीमागच्या उभ्या सांगाड्यालाच द्यावी हें उत्तम.

आमच्या परिचयाच्या एका कुटुंबानें अंजनगांवाकडील जुनें घर मोडलें आणि मुलाकडे शहरांत बिऱ्हाड नेलें. बरोबर आजोबांचें मोठें लांकडी घड्याळ नेलें. नव्या घरीं तें जिप्समच्या भिंतीवर दोन साध्या गिट्ट्यांवर लावलें. दोन-अडीच महिने तें बिनतक्रार चाललें आणि एका रात्रीं भिंतीच्या चुऱ्यासकट खालीं आलें. त्याखालच्या अंथरुणावर नात निजत असे. त्या रात्रीं ती आजीजवळ गोष्ट ऐकतां ऐकतां झोंपली होती, म्हणून केवळ कांचेवर निभावलें. मुलगा गिट्टीला दोष देऊं लागला तेव्हां आजीबाई एवढेंच म्हणाल्या, “ते खांबाचं होतं बापा, भितीले कायले देलं?”

त्या बाईंनीं स्थापत्यशास्त्राचें पुस्तक पाहिलें नव्हतें. पण जन्मभर ज्या घरांत त्या वावरल्या त्यानें आधार कोणता आणि आडोसा कोणता हें त्यांस शिकविलें होतें. दुसऱ्या दिवशीं मुलानें भिंत बोटानें ठोकीत नेली. पोकळ आवाज जेथें दबला तेथें लोखंडी उभा सांपडला. घड्याळ आतां त्या उभ्यावर आहे, आणि नातीचें अंथरूण मात्र आजीनें पलीकडच्या भिंतीशीं सरकविलें आहे.