गोमंतकाच्या फुटबॉलमधील आफ्रिकी पर्व

भारताच्या राष्ट्रीय साखळी फुटबॉल स्पर्धेच्या इतिहासात २००४-०५ ते २०१२-१३ हा नऊ हंगामांचा कालखंड पश्चिम किनाऱ्याचा कालखंड म्हणून ओळखावा लागतो, कारण या नऊ विजेतेपदांपैकी आठ गोव्यातील क्लबांनी मिळवली आणि उरलेले एक, २००५-०६ चे, मुंबईच्या महिंद्रा युनायटेडने जिंकले. याच नऊ हंगामांत सर्वाधिक गोल करणारा खेळाडू प्रत्येक वेळी नायजेरियाचा होता आणि त्यांपैकी आठ वेळा तो गोव्यातील क्लबकडून खेळत होता. ही दोन विधाने शेजारी ठेवून पाहिली की गोमंतकीय फुटबॉलच्या वैभवाचा विचार धेंपो, साळगावकर, चर्चिल ब्रदर्स यांच्या मालकांपुरता, स्थानिक खेळाडूंपुरता आणि प्रशिक्षकांपुरता मर्यादित ठेवता येत नाही. लागोस किंवा अक्राहून निघून मडगाव-पणजीत येऊन खेळलेल्या आफ्रिकी खेळाडूंना त्या इतिहासात त्यांचे स्वतंत्र स्थान द्यावे लागते.

गोवा आणि आफ्रिका यांचा संबंध फुटबॉलपेक्षा फार जुना आहे. पोर्तुगीज राजवटीत गोवा आणि मोझांबिक हे एकाच साम्राज्याचे भाग होते, तर ब्रिटिश पूर्व आफ्रिकेत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस युगांडा रेल्वेचे काम सुरू झाल्यापासून गोमंतकीय कारकून, शिंपी, आचारी आणि शिक्षक मोंबासा, नैरोबी, कंपाला येथे मोठ्या संख्येने स्थायिक झाले. तेथे त्यांनी आपापल्या संस्था उभारल्या, शाळा काढल्या आणि मैदानेही गाजवली. १९६२ साली पर्थ येथील राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धेत केनियाकडून १०० आणि २२० यार्ड या दोन्ही शर्यतींत सुवर्णपदक मिळवणारे सेराफिनो आंताव हे मोंबासातील गोमंतकीय कुटुंबातले होते. पोटापाण्यासाठी समुद्र ओलांडून परक्या भूमीचा झेंडा खेळात उंचावण्याची ही वाट आधी गोव्याकडून आफ्रिकेकडे गेली होती; विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात तीच वाट उलट दिशेने वाहू लागली.

गोव्यात फुटबॉलचा आरंभ १८८३ साली शिवोली येथे प्रकृतिस्वास्थ्यासाठी आलेले ब्रिटिश धर्मगुरू विल्यम रॉबर्ट लायन्स यांच्यापासून मानला जातो. चर्च आणि शाळा यांच्या आधाराने गावोगाव पसरलेला हा खेळ १९६१ च्या मुक्तीनंतर भारतीय स्पर्धांच्या प्रवाहात आला आणि खाण व्यवसायातील धेंपो व साळगावकर या घराण्यांनी, पुढे वार्का येथील आलेमाव कुटुंबाच्या चर्चिल ब्रदर्सने, क्लब चालवण्याचा खर्च उचलला. खेळाडूला नोकरीत ठेवून खेळवण्याची जी पद्धत मुंबईच्या कंपन्यांमध्ये आणि रेल्वेसारख्या आस्थापनांत रूढ होती, तिच्याऐवजी ठरावीक मुदतीच्या कराराने मानधन देण्याची, म्हणजे खऱ्या अर्थाने व्यावसायिक फुटबॉलची, पद्धत गोव्यात लवकर रुजली. १९९६ च्या अखेरीस राष्ट्रीय फुटबॉल लीग सुरू झाली तेव्हा परदेशी खेळाडूला बोलावण्याइतका पैसा आणि तशी व्यवस्था गोव्यातील क्लबांकडे तयार होती.

दुसऱ्या बाजूला, नेमक्या याच सुमारास आफ्रिकेतून खेळाडू बाहेर पडण्याचा वेग वाढत होता. नायजेरियाने १९८५ साली सोळा वर्षांखालील मुलांचे पहिले विश्वविजेतेपद मिळवले होते, १९९४ मध्ये तो देश प्रथमच विश्वचषकाच्या मुख्य स्पर्धेत खेळला होता आणि १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये त्याने फुटबॉलचे सुवर्णपदक जिंकले होते. या यशामुळे फुटबॉल हा उपजीविकेचा मार्ग होऊ शकतो असा विश्वास तेथील हजारो तरुणांत निर्माण झाला, परंतु देशातील लीगमध्ये मानधन अल्प आणि अनियमित असल्याने हा विश्वास परदेशातच फळाला येणे शक्य होते. डिसेंबर १९९५ मध्ये युरोपीय न्यायालयाने बोसमन खटल्यात करार संपलेल्या खेळाडूला क्लब बदलण्याची मोकळीक दिल्यावर युरोपातील खेळाडूंची बाजारपेठ विस्तारली आणि आफ्रिकी खेळाडूंचा शोध घेणाऱ्या मध्यस्थांचे जाळेही पसरले. या जाळ्यातून मोजकेच खेळाडू इंग्लंड किंवा फ्रान्समधील मोठ्या क्लबांपर्यंत पोहोचले; उरलेल्यांसाठी पूर्व युरोप, आखाती देश आणि दक्षिण आशिया ही कार्यक्षेत्रे झाली.

भारतात आफ्रिकी आघाडीपटूची, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या गोलजवळ राहून गोल करणे हे ज्याचे मुख्य काम अशा खेळाडूची, पहिली मोठी ओळख १९८० च्या दशकात कोलकात्यात नायजेरियाच्या चिमा ओकोरी यांनी करून दिली. मोहामेडन स्पोर्टिंग, ईस्ट बंगाल आणि मोहन बागान या तिन्ही मोठ्या क्लबांतून खेळलेल्या ओकोरी यांच्या धिप्पाड देहयष्टीने आणि जोरकस फटक्याने देशभरातील क्लबांच्या अपेक्षा बदलल्या. गोव्यात ही परंपरा प्रथम घानाच्या खेळाडूंनी रुजवली. १९९८-९९ मध्ये चर्चिल ब्रदर्सचे फिलिप मेन्साह हे राष्ट्रीय लीगमध्ये सर्वाधिक गोल करणारे ठरले, आणि त्याच क्लबचे युसिफ याकुबू यांनी २००१-०२ व २००२-०३ अशा सलग दोन हंगामांत हा मान मिळवला. याकुबू पुढे मुंबईत महिंद्रा युनायटेडकडे गेले आणि त्या क्लबच्या २००५-०६ च्या विजेतेपदात सहभागी झाले, त्यामुळे गोवा आणि मुंबई या दोन्ही केंद्रांच्या इतिहासात त्यांचे नाव येते.

यानंतरचे दशक नायजेरियाच्या तीन खेळाडूंचे आहे. दुदू ओमाग्बेमी यांनी २००४-०५ मध्ये स्पोर्टिंग क्लब दि गोवासाठी २१ गोल केले आणि १९९९ साली स्थापन झालेल्या त्या तरुण क्लबला विजेतेपदाच्या उंबरठ्यापर्यंत, उपविजेतेपदापर्यंत नेले. त्यांची पुढील वाटचाल आफ्रिकी खेळाडूच्या भटक्या कारकिर्दीचे उत्तम उदाहरण आहे, कारण गोव्यातून ते हंगेरीतील क्लबांकडे गेले, नंतर फिनलंडमध्ये खेळले आणि पुन्हा भारतात येऊन २०१५ मध्ये एफसी गोवा या संघाच्या मुंबई सिटीवरील ७-० अशा विजयात त्यांनी हॅटट्रिक, म्हणजे एकाच सामन्यात तीन गोल, नोंदवली. दुसरे, ओडाफा ओकोली, यांनी चर्चिल ब्रदर्सकडून २००६-०७ ते २००९-१० असे सलग चार हंगाम सर्वाधिक गोल करण्याचा पराक्रम केला. त्यांपैकी २००८-०९ मध्ये चर्चिल ब्रदर्स प्रथमच राष्ट्रीय विजेता झाला. २०११ मध्ये मोहन बागानने ओकोली यांच्याशी केलेला करार त्या काळच्या भारतीय फुटबॉलमधील सर्वांत महागड्या करारांपैकी एक होता.

तिसरे आणि या परंपरेतील सर्वश्रेष्ठ खेळाडू म्हणजे रँटी मार्टिन्स. २००४ साली, विशीही न गाठलेल्या वयात, ते धेंपोत दाखल झाले आणि आठ वर्षे त्याच क्लबकडे राहिले; या काळात धेंपोने राष्ट्रीय लीग आणि २००७ पासून तिची जागा घेणारी आय-लीग मिळून पाच विजेतेपदे जिंकली, तसेच २००८ मध्ये आशियाई फुटबॉल महासंघाच्या चषक स्पर्धेत उपांत्य फेरी गाठली. २०११-१२ च्या हंगामात मार्टिन्स यांनी केलेले ३२ गोल हा आय-लीगचा एका हंगामातील विक्रम आहे. पुढे कोलकात्याच्या प्रयाग युनायटेडकडून २६ आणि २०१४-१५ मध्ये ईस्ट बंगालकडून १७ गोल करून त्यांनी पुन्हा अग्रस्थान मिळवले, आणि राष्ट्रीय स्तरावरील त्यांच्या एकूण गोलांची संख्या दोनशेच्या पलीकडे गेली. आर्मांदो कुलासो यांच्या मार्गदर्शनाखालील त्या धेंपो संघात क्लायमॅक्स लॉरेन्स, महेश गवळी, समीर नाईक, क्लिफर्ड मिरांडा यांसारखे भारतीय संघातून खेळणारे गोमंतकीय होते. परदेशी आघाडीपटू आणि स्थानिक मध्यरक्षक-बचावपटू यांची दीर्घकाळ टिकलेली सांगड हेच त्या यशाचे खरे रहस्य होते.

या कारकिर्दींचे अर्थकारण समजून घेण्यासाठी चंद्रपूर-गडचिरोलीच्या वाचकाला दूर जावे लागत नाही. सावली, मूल, गोंडपिपरी या परिसरातून दरवर्षी धानाची कामे आटोपल्यावर मजुरांचे जथे मिरची तोडणीसाठी तेलंगणात जातात, हंगाम संपेपर्यंत तेथेच राहतात आणि गाठीला पडलेला पैसा घेऊन परततात. मानधनाच्या रकमेत जमीनअस्मानाचा फरक असला तरी फुटबॉलपटूच्या जीवनाची घडणही हंगामाचीच आहे: एका किंवा दोन हंगामांचा करार, मध्यस्थामार्फत झालेली निवड, रोजगार व्हिसाची मुदत, आणि दुखापत झाली तर पुढच्या वर्षाची कोणतीही हमी नाही. दुसऱ्या देशातील क्लबमध्ये जाताना खेळाडूला आंतरराष्ट्रीय हस्तांतरण प्रमाणपत्र लागते, म्हणजे आधीच्या देशाच्या फुटबॉल संघटनेने नव्या देशाच्या संघटनेला दिलेली संमती, आणि २०१० पासून ही सारी प्रक्रिया फिफाच्या संगणकीय प्रणालीतूनच पार पाडावी लागते. त्यातही परदेशी खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा असल्याने प्रत्येक क्लब आपल्या मोजक्या जागा गोल करणाऱ्यासाठी राखून ठेवतो, आणि ज्याचे गोल थांबले त्याची जागा तत्काळ दुसऱ्याला मिळते. म्हणूनच मार्टिन्स यांची एका क्लबमधील आठ वर्षे ही या व्यवसायातील विरळा गोष्ट ठरते.

परदेशात नाव कमावलेल्या खेळाडूला मायदेशी मान मिळेलच असे नसते. भारतातील लीगचा दर्जा नायजेरियाच्या निवडसमितीच्या नजरेत भरण्याइतका उंच नसल्याने तेथील राष्ट्रीय संघात युरोपात खेळणाऱ्यांनाच प्राधान्य राहिले. याला वेगळे वळण देणारे उदाहरण दक्षिण सुदानच्या जेम्स मोगा यांचे आहे. स्पोर्टिंग क्लब दि गोवा, पुणे एफसी आणि ईस्ट बंगाल या क्लबांकडून खेळलेले मोगा जुलै २०१२ मध्ये जुबा येथे युगांडाविरुद्ध झालेल्या आपल्या नवस्वतंत्र देशाच्या पहिल्या अधिकृत सामन्यात उतरले. २-२ असा बरोबरीत सुटलेला तो सामना एका राष्ट्राच्या क्रीडा इतिहासाचा आरंभ होता, आणि त्याच्या पहिल्या फळीतील एका खेळाडूची उपजीविका गोवा-पुण्याच्या मैदानांवर चालत होती.

या पर्वावर एक आक्षेप सातत्याने घेतला गेला, तो असा की गोल करण्याचे काम परदेशी खेळाडूंकडे सोपवल्यामुळे भारतीय आघाडीपटू घडण्याची संधी हिरावली गेली. या आक्षेपात तथ्य आहे, परंतु त्याची जबाबदारी खेळाडूंवर टाकता येत नाही. तरुण खेळाडूंची जडणघडण करण्यापेक्षा तयार खेळाडू विकत आणणे स्वस्त आणि खात्रीचे वाटणे हा क्लबांचा निर्णय होता, आणि त्या निर्णयाला स्पर्धेच्या नियमांनी मुभा दिली होती. उलट, आठवड्यामागून आठवडे याकुबू, ओकोली, मार्टिन्स यांच्यासमोर उभे राहावे लागल्यामुळे भारतीय बचावपटूंची कसोटी लागली, हा लाभही हिशेबात धरला पाहिजे.

समाजाच्या वागणुकीचा हिशेब मात्र अधिक कठोरपणे मांडावा लागतो. ज्या २०१३ साली चर्चिल ब्रदर्सने दुसऱ्यांदा आय-लीग जिंकली, त्याच वर्षी ऑक्टोबरच्या अखेरीस गोव्यात एका नायजेरियन तरुणाचा खून झाला, संतप्त नायजेरियन नागरिकांनी पर्वरी येथे महामार्ग रोखून धरला आणि त्यानंतरच्या दिवसांत सार्वजनिक चर्चेत या साऱ्या समुदायाविषयी अत्यंत हीन भाषा वापरली गेली. फातोर्ड्याच्या स्टेडियममध्ये ज्या देशाच्या खेळाडूंना हजारो प्रेक्षक डोक्यावर घेत होते, त्याच देशाच्या माणसाला भाड्याने खोली मिळणे कठीण व्हावे, ही विसंगती गोमंतकीय समाजाने आणि एकूणच भारतीय समाजाने गंभीरपणे तपासण्यासारखी आहे.

जुन्या क्लबांचे युग २०१४ मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाल्यावर ओसरू लागले. महिंद्रा युनायटेड २०१० मध्येच बंद झाला होता आणि २०१६ मध्ये साळगावकर, स्पोर्टिंग व धेंपो यांनी आय-लीगमधून माघार घेतली. आफ्रिकी खेळाडूंची परंपरा मात्र नव्या रूपात चालू राहिली, आणि या टप्प्यात आलेले खेळाडू मायदेशात आधीच नावारूपाला आलेले होते. मोरोक्कोचे अहमद जाहू हे तेतुआन शहराच्या मोघ्रेब तेतुआन क्लबकडून मोरोक्कोचे विजेतेपद मिळवून, कासाब्लांकाच्या प्रसिद्ध राजा क्लबमध्ये खेळून २०१७ मध्ये एफसी गोवात आले. सेनेगलचे बचावपटू मुर्तदा फाल हेही तेतुआनमध्ये खेळलेले होते, आणि या दोघांना एकत्र आणणारे स्पॅनिश प्रशिक्षक सर्जिओ लोबेरा यांनी पूर्वी त्याच क्लबला प्रशिक्षण दिले होते. एफसी गोवाने २०१९ मध्ये सुपर कप आणि २०१९-२० मध्ये साखळीतील अग्रस्थान मिळवले. पाठोपाठ लोबेरा, जाहू आणि फाल मुंबई सिटीकडे गेले आणि २०२०-२१ मध्ये त्या संघाने साखळी व अंतिम सामना दोन्ही जिंकले. त्याच संघात २००२ च्या विश्वचषकात नायजेरियाकडून खेळलेले बार्थोलोम्यू ओग्बेचे होते, जे पुढे हैदराबादकडून खेळताना सुपर लीगच्या तोपर्यंतच्या इतिहासातील सर्वाधिक गोल करणारे खेळाडू ठरले. आफ्रिकेतील एका क्लबच्या ओळखीतून मुंबई-गोव्याचे संघ उभे राहावेत, हा या व्यवसायाच्या परिपक्वतेचा पुरावा आहे.

गोमंतकीय फुटबॉलचा इतिहास लिहिताना आफ्रिकी खेळाडूंची नावे आतापर्यंत बहुधा गोलांच्या तक्त्यात आली आहेत. ते कोणत्या शहरातून आले, कोणाच्या शब्दावर आले, कुठे राहिले, काय कमावले आणि परत गेल्यावर त्यांचे काय झाले, याची पद्धतशीर नोंद झालेली नाही. या पिढीतील खेळाडू, त्यांचे सहकारी आणि क्लबांचे जुने पदाधिकारी यांच्या मुलाखती घेऊन ही नोंद करण्याचे काम गोवा फुटबॉल संघटना, तेथील क्लब आणि विद्यापीठे यांनी विनाविलंब हाती घ्यावे. धेंपो आणि चर्चिल ब्रदर्स यांच्या विजेतेपदांवर जितका हक्क त्यांच्या मालकांचा आणि गोमंतकीय खेळाडूंचा आहे, तितकाच तो रँटी मार्टिन्स आणि ओडाफा ओकोली यांचाही आहे, आणि तो मान्य केल्याशिवाय गोव्याच्या फुटबॉलचा कोणताही इतिहास पूर्ण होणार नाही.