पत्र्याच्या ट्रंकेतली फाळणी

आजची गोष्ट सुरू होते एका ट्रंकेपासून. आजीच्या पलंगाखाली असते ना, पत्र्याची? तीच.

१९४७ च्या फाळणीत लाखो लोकांनी ट्रंकेत, गाठोड्यात मावेल तेवढंच घर सोबत घेतलं. कराचीहून तेव्हा एक कुटुंब कलकत्त्याला आलं. त्यांची मुलगी जेमतेम वर्षाची होती. तिचं नाव नलिनी मलानी.

आता विचार करा, वर्षाच्या मुलीला काय आठवणार? तिची फाळणी म्हणजे घरात मोठ्यांच्या बोलण्यातून कानावर पडलेली फाळणी. पुढे कुटुंब मुंबईत आलं. नलिनी जे. जे. मध्ये चित्रकला शिकल्या आणि १९६९ मध्ये अकबर पदमसींच्या व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉपमध्ये फिल्मही करू लागल्या.

मग आला मे १९९८. आधी पोखरण, पाठोपाठ पाकिस्तानात चगाई. दोन्हीकडे अणुचाचण्या, दोन्हीकडे जल्लोष. मलानींनी त्या वेळी हात घातला मंटोच्या ‘टोबा टेक सिंग’ या कथेला.

कथा थोडक्यात सांगतो. फाळणीनंतर दोन्ही देश वेड्यांच्या इस्पितळातल्या रुग्णांचीही अदलाबदल करतात. बिशन सिंग सगळ्यांना एकच विचारतो, माझं गाव कुठे आहे? हिंदुस्थानात की पाकिस्तानात? शेवटी तो दोन सीमांच्या मधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर कोसळतो. आणि हे लिहिणारा मंटो स्वतः मुंबईच्या सिनेमासृष्टीत रमलेला माणूस. १९४८ मध्ये तोही लाहोरला गेला.

यातून तयार झालं मलानींचं व्हिडिओ इन्स्टॉलेशन, ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’. अंधारी खोली. जमिनीवर १२ पत्र्याच्या ट्रंका, प्रत्येकीत एक टीव्ही. त्यावर घरदार सुटलेल्या माणसांची दृश्यं. भिंतीवर अणुस्फोटाचे ढग. आणि समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन बायका, एक भारतातली, एक पाकिस्तानातली. दोघी मिळून एक साडी घडी करू बघतात.

साडीची घडी कशी घालतात, घरी पाहिलंच असेल. दोघींनी दोन टोकं धरायची, मग एकमेकींकडे चालत यायचं. इथे त्या येणार कशा? मध्ये अख्खी खोली आहे. आणि त्या खोलीत कोण उभं आहे? आपण! म्हणजे बिशन सिंग पडला, नेमक्या त्याच जागेवर.

१९९९ मध्ये हे मुंबईतल्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात दाखवलं गेलं. जुन्या मूर्ती, जुनी चित्रं जिथे जपून ठेवतात, तिथेच ही न मिटलेली गोष्टही आली.

मला यातलं काय पटतं सांगू? मलानींनी फाळणी ‘झाली’ असं म्हटलंच नाही. ५१ वर्षांनी बॉम्ब फुटला, तेव्हा त्यांनी तीच ट्रंक पुन्हा उघडली.

तुमच्याही घरात कुणी गाव सोडून आलं असेल. फाळणीत, धरणात, दुष्काळात. आज त्यांच्याजवळ बसा, फोनचं रेकॉर्डिंग सुरू करा आणि एवढंच विचारा, येताना सोबत काय आणलं होतं?

भेटू पुढच्या भागात.