फसली सन (दख्खनी)

शेतसारा वसुलीसाठी मोगल अमलात घडवलेली कालगणना. ‘फस्ल’ या अरबी शब्दाचा अर्थ पीक किंवा हंगाम. निजामाच्या हैदराबाद संस्थानात, म्हणजेच मराठवाड्यातही, हाच सरकारी सन होता. अजिंठ्याच्या डोंगररांगेच्या परिसरातले धावडा (ता. भोकरदन) हे गाव याच मुलखातले, १ मे १९८१ रोजी जालना जिल्हा होईपर्यंत ते औरंगाबाद जिल्ह्यात मोडत असे.

शक किंवा संवत एखाद्या राजाशी वा घटनेशी जोडलेला असतो. शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये सुरू केलेला राज्याभिषेक शक तर नावातच घटना सांगतो. फसली सनाचे तसे नाही. १३५८ फसली म्हणजे अमुक एका प्रसंगाला १३५८ वर्षे झाली, असा हिशेब लागत नाही. कारण हा आकडा एका ठरावीक साली हिजरी सनावरून उचलला आणि तिथून पुढे सूर्याच्या वर्षाने चालवला.

असे करावे लागले ते पिकामुळे. हिजरी वर्ष चांद्र आहे आणि त्यात अधिक महिना नाही. ते सुमारे ३५४ दिवसांचे, म्हणजे सौर वर्षापेक्षा जवळपास अकरा दिवसांनी लहान. सूर्याची ३२ वर्षे होतात तेव्हा चंद्राची ३३ भरतात. दफ्तर हिजरीने चालवले तर तारखा दर साली मागे सरकत जातात आणि बत्तीस पिकांवर तेहतीस सालांचा सारा मागण्याची पाळी येते. पेरणी मृगावर आणि सुगी थंडीत हे चंद्राला ठाऊक नसते. पातशाही सनाचा आकडा ठेवायचा, वर्ष मात्र शेताचे घ्यायचे, ही तोड त्यातून निघाली.

उत्तर हिंदुस्थानात ही व्यवस्था अकबराच्या काळातली मानतात, तेथे हिजरी ९६३ (इ. स. १५५६) हा आधार धरला जातो. दख्खनेत ती शाहजहानने हिजरी १०४६ मध्ये, म्हणजे इ. स. १६३६ मध्ये लागू केली, असे सामान्यतः मानले जाते. मधल्या ऐंशी वर्षांत हिजरी सन सौर वर्षाच्या पुढे गेला होता. म्हणून दख्खनी फसली उत्तरेकडच्या फसलीहून सुमारे सव्वादोन वर्षांनी पुढे आहे. मराठी कागदांतला शुहूर सन (अरबी सन, मृगसाल) याच जातीचा, पण त्याचा आकडा हिजरी ७४५ मध्ये (इ. स. १३४४) उचललेला. १३४४ ते १६३६ या २९२ वर्षांत हिजरीने नऊ वर्षे जास्त भरली, आणि शुहूर व दख्खनी फसली यांतले अंतरही नेमके नऊ वर्षांचे आहे. तिन्ही सनांची यंत्रणा एकच आहे. आकडा कोणत्या वर्षी उचलला, हा मुख्य फरक.

वर्षारंभ : ही बाब अभ्यासकाला सर्वाधिक चकवते. शुहूर सन सूर्य मृग नक्षत्रात शिरताना, जूनच्या पहिल्या आठवड्यात बदले. मुंबई इलाख्यातला फसलीही मृगाचाच. मद्रास इलाख्यात तो १ जुलैला आणला गेला. हैदराबाद संस्थानात मात्र वर्ष आजूर महिन्यापासून, साधारणपणे ६ ऑक्टोबरला सुरू होई. ऑक्टोबर ते डिसेंबर या काळासाठी फसली आकड्यात ५९० मिळवले की इसवी सन येतो. जानेवारीपासून वर्षअखेरपर्यंत ५९१ मिळवावे लागतात. जून ते सप्टेंबर हे पावसाळ्याचे चार महिने मृगसालाने नव्या सनात पडतात आणि हैदराबादी गणनेने जुन्यातच राहतात. धावड्याच्या एखाद्या कागदावर श्रावणातली तारीख आणि फसली सन असेल, तर तो मृगाचा धरला की पीक एका वर्षाने चुकते. छापील जंत्री कोणत्या प्रांतासाठी केली आहे, हे आधी पाहणे म्हणूनच आवश्यक आहे.

महिने : नावे इराणी सौर पंचांगातली आहेत, क्रम मात्र हैदराबादचा : आजूर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी, उर्दीबेहेश्त, खुर्दाद, तीर, अमरदाद, शहरेवार, मेहेर, आबान. इराणात नवे वर्ष फरवर्दीने वसंतात उघडते. येथे तोच महिना पाचवा. चंद्राच्या कलांशी या महिन्यांचा संबंध नाही.

सणवार : पंचांग किंवा हिजरी सनानेच.

कायदे व दफ्तर : संस्थानाचे कायदे फसली सनानेच ओळखले जातात. जमीन महसूल कायदा १३१७ फसलीचा (इ. स. १९०७-०८). कुळांविषयीचा आसामी शिकमी कायदा १३५४ फसलीचा. १७ सप्टेंबर १९४८ रोजी संस्थान भारतात आले, तेव्हा १३५७ फसलीतला शेवटचा, आबान महिना चालू होता. सत्ता बदलली तरी सन लगेच सुटला नाही : १५ ऑगस्ट १९४९ चा जहागिरी रद्द करणारा विनियमही ‘१३५८ फसली’ याच नावाने निघाला. पुढे १९५६ मध्ये मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, आणि महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ ही १५ ऑगस्ट १९६७ पासून लागू झाल्यावर १३१७ फसलीच्या कायद्याची जागा तिने घेतली.

जमिनीचे जुने वाद, इनामी हक्क आणि वारसा यांसाठी संस्थानकाळातले सेतवार (सर्व्हे क्रमांकानुसार जमिनीच्या नोंदी) आजही काढले जातात. १९५४ ची खासरा पाहणी (शेतवार जमीन-नोंद) त्यांच्याशी ताडून पाहताना दोन सनांचा मेळ घालावा लागतो. २०२३ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या समितीने मराठवाड्यातल्या कुणबी नोंदींसाठी निजामकालीन दफ्तर तपासायला घेतले, तेव्हा उर्दू आणि मोडी वाचणाऱ्या जाणकारांची गरज पुन्हा भासली. अशा कागदावर नुसते वर्ष असेल, तर ते इसवी सनात एकाच आकड्याने लिहू नये. १३५० फसली हे १९४०-४१ असे जोडीने लिहावे.