'सत्तांतर'च्या आधीचं धारवाड

व्यंकटेश माडगूळकरांची 'सत्तांतर' 1982 साली आली आणि पुढच्याच वर्षी तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. वानरांच्या टोळीतल्या झगड्याची ही छोटेखानी कादंबरी. आणीबाणी संपून फार दिवस झाले नव्हते, दिल्लीत सरकारं पडून पुन्हा उभी राहिली होती. वाचकांना तीत माणसांचं राजकारण दिसलं तर नवल नाही. पण पुण्यात आकाशवाणीची नोकरी सांभाळून रानोमाळ हिंडणाऱ्या या लेखकानं वानरं काही रूपकासाठी उसनी आणली नव्हती. टोळीवर चाल करून येणारा परका नर, हुसकावला जाणारा हुप्प्या, आईच्या पोटाशी बिलगलेल्या पिल्लांवर येणारं संकट, हे सगळं रानात खरोखर घडतं. ते आधी कुणी बारकाईनं नोंदवलं, याचा माग काढत गेलं की आपण धारवाडला पोचतो.

1961 साली क्योतो विद्यापीठाचे युकिमारू सुगियामा आणि त्यांचे सहकारी तिथे आले. जपानी अभ्यासकांची एक रीत होती. किंजी इमानिशींनी महायुद्धानंतर ती घालून दिली होती: टोळीतला प्रत्येक प्राणी चेहऱ्यानं ओळखायचा आणि त्याची नोंद वर्षानुवर्षं ठेवायची. धारवाडच्या आसपासच्या रानात वानरं भरपूर होती.

1962 च्या उन्हाळ्यात सात नरांनी मिळून एका टोळीवर हल्ला केला. जुना हुप्प्या गेला. मग सातांपैकी एकानं बाकीच्यांनाही पळवून लावलं आणि माद्या ताब्यात घेतल्या. पुढच्या काही आठवड्यांत टोळीतली तान्ही पिल्लं चावे बसून एकामागून एक नाहीशी झाली. सुगियामांनी नंतर दुसऱ्या एका टोळीचा हुप्प्या मुद्दाम पकडून दूर केला. नवा नर आला आणि तिथेही तेच झालं. 1965 साली हे छापून आलं.

विद्वानांना ते पटणं कठीण होतं. थोड्याच वर्षांपूर्वी फिलिस जे या अमेरिकन संशोधक बाईंनी लखनौजवळच्या कौकोरीत आणि बस्तरमधल्या ओरछात वानरं पाहिली होती. त्यांना दिसलेल्या टोळ्या शांत होत्या. मग धारवाडची हत्या हा अपवाद ठरवला गेला. गर्दी झाली, माणसांचा उपद्रव वाढला, म्हणून नर बिथरले असतील, असं म्हटलं गेलं. पण 1971 साली एस. एम. मोहनोत यांनी जोधपूरच्या वानरांत हाच प्रकार नोंदवला.

त्याच वर्षी सारा हर्डी या अमेरिकन संशोधक राजस्थानातल्या अबूला आल्या, त्याही गर्दीचंच कारण तपासायला. त्यांच्या हाती लागलं ते निराळंच. पिल्लांवर हल्ले व्हायचे ते टोळीत नवा नर आल्यावर. अंगावर पिणारं पिल्लू असेपर्यंत मादी सहसा माजावर येत नाही आणि नराची सत्ता टिकते सरासरी दोन-अडीच वर्षं. वाट पाहत बसला तर त्याची स्वतःची पोरं वाढायला वेळच उरत नाही. 1977 च्या आपल्या पुस्तकात हर्डींनी हे मांडलं. मला त्यातला माद्यांचा भाग सर्वांत मोलाचा वाटतो. त्या मुकाट सोसत नाहीत. गाभण असूनही काही माद्या नव्या नराशी रत होतात आणि पिल्लू कुणाचं हा प्रश्नच धूसर करून टाकतात. म्हाताऱ्या माद्या तर जिवावर उदार होऊन दुसऱ्यांच्या पिल्लांसाठी नराच्या अंगावर जातात. तोवर बहुतेक अभ्यासक नरांकडेच पाहत होते.

इथे एक गल्लत टाळायला हवी: सिंहगडावर हातातलं कणीस पळवणारी माकडं ही वानरांहून वेगळी जात. त्यांच्या टोळीत अनेक नर एकत्र नांदतात. तेवढीच पाहिलेल्या माणसाला वानरांची एकछत्री रीत सहज पटणार नाही.

माडगूळकर लिहीत होते तेव्हा पिल्लांच्या हत्येमागच्या कारणाचा हा वाद ऐन भरात होता. तो बऱ्याच अंशी मिटला 1999 साली. नेपाळमधल्या रामनगरच्या वानरांच्या विष्ठेतून डीएनए तपासला गेला, तेव्हा पिल्लांवर हल्ला करणारे नर त्यांचे बाप नव्हते, असं निघालं. हर्डींचा तर्क याच निकालाची अपेक्षा करत होता.

म्हणून 'सत्तांतर'कडे नुसतं राजकीय रूपक म्हणून बघणं मला अपुरं वाटतं. टोळीतल्या प्रत्येक वानराला वेगळी ओळख देणारी ही कादंबरी मराठीतल्या निसर्गलेखनात पहिल्या रांगेत बसते. ज्यांनी ती शाळा-कॉलेजात असताना वाचली असेल त्यांनी पुन्हा वाचावी, आणि या खेपेला दिल्ली बाजूला ठेवून वानरांसाठी वाचावी.